प्रवाही संगीताचा संग्रह : विचार व पद्धती

प्रस्तुत विषयावर लिहिण्याचा माझा काही विशेष अधिकार आहे असे मी मानीत नाही. माझे शिक्षण शालान्त परीक्षेपुरतेच झाले आहे. देवळातील पूजाअर्चेत वडिलांस हातभार लावणे आणि सोसायटीच्या कचेरीतील संगणकावर पावत्या, निमंत्रणपत्रिका व उत्सवांची ध्वनिमुद्रणे सांभाळणे, एवढाच माझा उद्योग. परंतु गेल्या काही वर्षांत अनेक सभासद कुटुंबांनी एकच प्रश्न निरनिराळ्या शब्दांत मजपुढे मांडला : "मोबाईलवर लागते ते गाणे इंटरनेट नसतानाही ऐकता यावे, अशा रीतीने संगणकात कसे साठवावे?" पावसाळ्यात वीज व तारा तुटून चार-चार दिवस संपर्क बंद पडणाऱ्या आमच्या भागात हा प्रश्न निव्वळ हौसेचा नाही. त्याचे उत्तर प्रत्येकास तोंडी देण्यापेक्षा एकदा नीट लिहून काढावे, या हेतूने हा अभ्यासलेख सादर करीत आहे.

प्रथम एक घरची हकीकत

माझे आजोबा पहाटेच्या पूजेनंतर सभामंडपात बसून भूपाळ्या व अभंग म्हणत. २०१३ सालच्या कार्तिकात माझ्या चुलत भावाने सहा दिवस पहाटे उठून त्यांचे गाणे मोबाईलवर मुद्रित केले आणि ध्वनिमुद्रणे ऐकविणाऱ्या एका संकेतस्थळावर चढविले. मोबाईलमधील जागा भरली तेव्हा मूळ मुद्रण त्याने पुसून टाकले. कारण "ते आता तेथे कायमचेच आहे" अशी त्याची आणि आम्हा सर्वांची समजूत होती. २०१८ साली आजोबा निवर्तले. त्यानंतर दर कार्तिकात घरातील मंडळी एकत्र बसून ते गाणे ऐकत असू. २०२२ साली मात्र त्या जागी "हे ध्वनिमुद्रण उपलब्ध नाही" एवढीच ओळ उमटली. वापरात नसलेली खाती बंद करण्याचा त्या कंपनीचा नियम होता. सूचनेची पत्रे भावाच्या एका जुन्या ई-मेल पत्त्यावर आली होती. तो पत्ता कोणी उघडतच नव्हते.

दोष त्या कंपनीस द्यावा, तर तिने सूचना पाठविली होती. भावास द्यावा, तर गाणे मुद्रित करण्याची बुद्धी एकट्या त्यालाच झाली होती. खरा दोष आमच्या समजुतीचा होता. जे ऐकू येते ते आपल्यापाशी आहे, असे आम्ही धरून चाललो. या लेखात जे काही सांगावयाचे आहे त्याचे सार हेच, की ऐकावयास मिळणे ही एक गोष्ट आहे आणि जवळ असणे ही दुसरी.

१. प्रवाह म्हणजे काय?

हा भेद नवा नाही. आकाशवाणीवर लागलेले गाणे ऐकून संपले की संपले. ते पुन्हा लागेल तेव्हा खरे. तबकडीचे तसे नव्हते. १९०२ साली कलकत्त्यास गौहरजान यांचे गाणे ग्रामोफोन कंपनीने मुद्रित केले, तेव्हापासून आपल्या देशात गाणे ही हातात धरण्याजोगी वस्तू झाली. एका बाजूस जेमतेम तीन मिनिटांचेच गाणे मावे. परंतु ती तीन मिनिटे विकत घेणाऱ्याच्या कपाटात राहत. पुढे १९६३ साली फिलिप्स कंपनीची कॅसेट निघाली आणि आकाशवाणीवरचे क्षणभंगुर गाणेही लोक घरी पकडून ठेवू लागले.

आजचे प्रवाही संगीत, ज्यास स्ट्रीमिंग म्हणतात, ते दिसावयास तबकडीसारखे व वागावयास आकाशवाणीसारखे आहे. हवे ते गाणे हव्या त्या वेळी लागते, म्हणून ते आपल्या कपाटातील असावे असे वाटते. वस्तुतः ते दूरच्या संगणकावर असते. आपण कळ दाबली की त्याचे लहान लहान तुकडे एकामागून एक येतात. पुढचे काही तुकडे आगाऊ घेऊन ठेवले जातात, म्हणून क्षणभर संपर्क तुटला तरी गाणे अडत नाही. वाजून झालेले तुकडे काही काळ तात्पुरत्या जागेत पडून राहतात व नंतर पुसले जातात. म्हणजे हे पाटाचे पाणी होय. शेतातून वाहत असते तोवर मुबलक. पण वरची दारे बंद झाली की रांजणात भरून ठेविले असेल तेवढेच आपले.

आणि ही दारे खरोखरच बंद होतात. गूगल कंपनीची 'प्ले म्युझिक' ही सेवा २०२० च्या अखेरीस बंद झाली. ज्यांनी आपली गाणी तेथे चढवून ठेविली होती, त्यांस ती अन्यत्र हलविण्यास मुदत मिळाली. ज्यांनी लक्ष दिले नाही, त्यांचा संग्रह पुसला गेला. भारतात 'रेसो' ही सेवा जानेवारी २०२४ मध्ये थांबली आणि त्याच वर्षी एअरटेलची 'विंक' सेवाही गुंडाळण्यात आली. सेवा चालू राहिली तरी गाण्याच्या मालकाशी असलेला तिचा करार संपला, तर ते गाणे यादीतून निघून जाते. ऐकणाराच्या हाती केवळ करड्या अक्षरांतील नाव उरते.

२. साठविण्याचे चार प्रकार

'डाउनलोड' हा एकच शब्द चार वेगवेगळ्या गोष्टींस लाविला जातो. सारा घोटाळा तेथूनच उत्पन्न होतो. म्हणून ते चार प्रकार पृथक् पाहू.

(अ) कुलूपबंद साठवण. स्पॉटिफायसारख्या सेवेची वर्गणी भरणारास गाणी 'डाउनलोड' करण्याची सोय मिळते. संगणकावर त्या सेवेचा कार्यक्रम बसवावा, आपली गाण्यांची यादी उघडावी व खाली बाण असलेले चिन्ह दाबावे. म्हणजे ती यादी संपर्क नसतानाही वाजते. परंतु ही धारिका कुलूपबंद असते. ती त्या सेवेच्या कार्यक्रमाखेरीज अन्यत्र वाजत नाही आणि पेनड्राइव्हवर नेऊन उपयोग होत नाही. स्पॉटिफायचा नियम असा, की तीस दिवसांत एकदा तरी संपर्क जोडून वर्गणी चालू असल्याची खात्री पटवावी लागते. वर्गणी थांबली की साठवणही गेली. प्रवासासाठी किंवा पावसाळ्यातील चार दिवसांसाठी ही सोय उत्तम आहे. मात्र तिला संग्रह समजू नये. वाचनालयातून आणलेले पुस्तक उशाशी ठेवले म्हणून ते आपले होत नाही, तद्वत् हे.

(आ) विकत घेतलेली खुली धारिका. अॅपलच्या आयट्यून्स दुकानातील गाण्यांवर पूर्वी कुलूप असे. २००९ साली ते काढण्यात आले. तेथून विकत घेतलेले गाणे आपल्या संगणकावर उतरवून घेतले, की ते अन्य कार्यक्रमांतही वाजते व वर्गणीवर अवलंबून राहत नाही. 'बँडकॅम्प' या संकेतस्थळावर अनेक कलावंत स्वतःच आपले संगीत विकतात आणि विकत घेणारास एमपी३, फ्लॅक इत्यादी स्वरूपांत खुली धारिका देतात. जे गाणे आपणांस आयुष्यभर हवे आहे, त्याकरिता हाच राजमार्ग होय. कलावंतासही त्याचा मोबदला पोचतो.

(इ) मुक्त संग्रह. १९९६ साली ब्रूस्टर काल यांनी सॅन फ्रान्सिस्को येथे 'इंटरनेट आर्काइव्ह' नामक ग्रंथालय स्थापिले. त्यात जुन्या तबकड्यांची असंख्य मुद्रणे आहेत. ज्या पानावर उतरवून घेण्याची मुभा असते, तेथे धारिकांची स्वरूपे ओळीने दिलेली असतात. हवे ते स्वरूप निवडले की ते संगणकावर येते. मात्र कोणीही काहीही चढवावे अशी तेथे सोय असल्यामुळे, तेथे आढळले म्हणजे मुक्तच असेल असे गृहीत धरू नये. हक्काची तपासणी आपण करावी; तिचे नियम पुढे दिले आहेत.

(ई) स्वतःचे मुद्रण. आपल्या देवळातील कीर्तन, भजनी सप्ताह, घरातील वडीलधाऱ्यांचे गाणे हे या वर्गात मोडते. हे जगात अन्यत्र कोठेही मिळणार नाही. म्हणून त्याचा विचार पुढे विस्ताराने केला आहे.

३. कायदा काय सांगतो?

आपल्या देशातील प्रताधिकाराचा कायदा १९५७ सालचा आहे. त्यानुसार ध्वनिमुद्रणावरील हक्क, ते प्रसिद्ध झाल्याच्या पुढील वर्षारंभापासून साठ वर्षे टिकतो. म्हणजे १९६० साली निघालेल्या तबकडीवरील हक्क २०२० च्या अखेरीस संपला. परंतु मुद्रणाचा हक्क वेगळा आणि गीताचा व चालीचा वेगळा. कवी व संगीतकार यांचा हक्क त्यांच्या निधनानंतर साठ वर्षे चालतो. संतांच्या अभंगाच्या शब्दांवर कोणाचीही मालकी नाही. पण तोच अभंग एखाद्या संगीतकाराने नवी चाल लावून, गायकाने गाऊन व कंपनीने मुद्रित करून काढला, तर चालीवर आणि मुद्रणावर हक्क उत्पन्न होतो.

खासगी उपयोगास कायद्यात काही मोकळीक आहे. तथापि २०१२ सालच्या दुरुस्तीने ६५-अ हे कलम आले. हक्कभंगाच्या हेतूने धारिकेचे तांत्रिक कुलूप फोडणे हा त्याअन्वये गुन्हा असून दोन वर्षांपर्यंत कैदेची तरतूद आहे. शिवाय सेवेचे खाते उघडताना आपण तिच्या अटी मान्य केलेल्या असतात. "कोणतेही गाणे फुकट उतरवा" म्हणणारी संकेतस्थळे पुष्कळ आहेत. त्यांतील कित्येकांवर गाण्याऐवजी संगणकास रोग लावणारी धारिका हाती येते, हेही ध्यानी असू द्यावे. कुलूप फोडण्याची विद्या मी येथे सांगत नाही. आपल्या कामास तिची गरजही नाही.

४. थोडे वजनमाप

धारिकेचे स्वरूप निवडताना लोक गोंधळतात. हिशेब सोपा आहे. सीडीच्या प्रतीचे मुद्रण, म्हणजे काहीही न गाळलेले वेव्ह स्वरूप, मिनिटास सुमारे साडेदहा मेगाबाइट जागा घेते. फ्लॅक स्वरूपात तेच मुद्रण, एक कणही न गमावता, घडी घातलेल्या धोतरासारखे साधारण निम्म्या जागेत बसते. एमपी३ स्वरूपात कानास सहसा न जाणवणारा भाग गाळला जातो. त्यातील ३२० किलोबिटच्या प्रतीस मिनिटास सुमारे २.४ मेगाबाइट व १२८ किलोबिटच्या प्रतीस जवळपास १ मेगाबाइट जागा लागते. यावरून दोन तासांचे कीर्तन वेव्हमध्ये सुमारे १,२७० मेगाबाइट, ३२० च्या एमपी३ मध्ये २८८ आणि १२८ मध्ये ११५ मेगाबाइट होते. ६४ गिगाबाइटच्या पेनड्राइव्हवर ३२० च्या प्रतीचे चारशे तासांहून अधिक संगीत मावते.

येथे एक इशारा. एकदा एमपी३ करताना जे गाळले गेले ते परत येत नाही. १२८ च्या धारिकेची पुन्हा ३२० ची धारिका केल्याने आवाज सुधारत नाही. लोणी काढून घेतलेले ताक मोठ्या पातेल्यात ओतले म्हणून त्यात लोणी येत नाही. यास्तव मूळ मुद्रण वेव्ह अथवा फ्लॅकमध्ये राखावे आणि वाटण्यासाठी त्याची एमपी३ प्रत काढावी. एमपी३ वरील पेटंटची मुदत २०१७ साली संपली असून फ्लॅक आरंभापासूनच मुक्त आहे. त्यामुळे दोन्ही स्वरूपे वाजविणारी साधने पुढेही मिळत राहतील असा भरवसा धरण्यास जागा आहे. 'व्हीएलसी' हा विनामूल्य कार्यक्रम दोन्ही वाजवितो.

५. आपल्या उत्सवांचे मुद्रण

हल्ली पुष्कळ देवस्थाने सप्ताहाचे व पालखीचे थेट प्रक्षेपण यूट्यूबवर करितात. परगावी असलेल्या सभासदांस घरबसल्या दर्शन व श्रवण घडते, ही मोठीच सोय. परंतु प्रक्षेपण झाले म्हणजे जतन झाले, असे नाही. पुढील क्रम पाळावा.

पहिले, प्रक्षेपणासाठी 'ओबीएस स्टुडिओ' हा विनामूल्य कार्यक्रम वापरीत असल्यास त्यात प्रक्षेपणाची कळ निराळी व मुद्रणाची कळ निराळी असते. दोन्ही दाबाव्यात. म्हणजे कार्यक्रम जगास दिसत असताना त्याची प्रत आपल्या संगणकातही उतरत राहते. ऐन वेळी संपर्क तुटला, तरी घरची प्रत अखंड राहते.

दुसरे, मागील वर्षांची प्रक्षेपणे केवळ यूट्यूबवर असतील, तर ज्यांच्या नावे देवस्थानाचे खाते आहे त्यांनी 'यूट्यूब स्टुडिओ' उघडावे. आपण स्वतः चढविलेल्या चित्रफिती तेथून एकेक करून उतरविता येतात. सर्व एकदम हव्या असल्यास 'गूगल टेकआउट' ही सोय आहे. हे काम खात्याची परवलीची खूण ज्यास ठाऊक आहे तो माणूस हयात व हजर असेतोवरच करून घ्यावे.

तिसरे, संगणकावर वाजत असलेला आपलाच जुना कार्यक्रम थेट पकडावयाचा झाल्यास 'ऑडॅसिटी' हा विनामूल्य कार्यक्रम उपयोगी पडतो. विंडोज संगणकावर त्याच्या ध्वनीविषयक मांडणीत 'वासापी' निवडावे आणि मुद्रणाचे साधन म्हणून 'लूपबॅक' असा उल्लेख असलेले नाव घ्यावे. मग मुद्रणाची तांबडी कळ दाबून कार्यक्रम वाजवावा. संगणकातून जो ध्वनी बाहेर पडतो तोच नोंदला जातो. खोलीतील पंख्याचा आवाज त्यात मिसळत नाही. मुद्रण चालू असता संगणकाच्या अन्य सूचनांचे आवाज मात्र बंद ठेवावेत, नाहीतर अभंगाच्या मध्येच घंटी ऐकू येते.

चौथे, कीर्तनकार व भजनी मंडळी यांची अनुमती आधी घ्यावी, आणि ती लेखी असावी. कलावंताचा आपल्या सादरीकरणावर कायद्याने हक्क असतो. अनुमती मागितल्याने बुवांचा मानही राखला जातो.

६. नाव, स्थान आणि राखण

साठविले पण सापडत नाही, तर ते नसल्यासारखेच. धारिकेस नाव देताना प्रथम वर्ष, मग महिना व दिवस, नंतर प्रसंग आणि शेवटी गायकाचे नाव, असा क्रम ठेवावा. त्यायोगे संगणक आपोआप कालानुक्रमे यादी लावितो. "नवीन मुद्रण ३" अशा नावाचे दहा वर्षांनी काय करावयाचे?

प्रती तीन असाव्यात. एक रोजच्या संगणकात, दुसरी स्वतंत्र हार्ड डिस्कवर आणि तिसरी दुसऱ्या गावी, उदाहरणार्थ एखाद्या नातलगाच्या घरी. एकाच कपाटातील तीन प्रती म्हणजे एकच प्रत. पाणी शिरले तर तिन्ही भिजतील. पेनड्राइव्हवर फार विसंबू नये. वर्षानुवर्षे तो तसाच पडून राहिल्यास त्यावरील नोंद क्षीण होऊ शकते. दर गुढीपाडव्यास सर्व प्रती उघडून, काही धारिका प्रत्यक्ष वाजवून पाहण्याचा नेम ठेवावा.

संग्रह कसा करावा याचा एक आदर्श आपल्याच भूमीशी निगडित आहे. १८९२ साली गोव्यातील केरी गावी जन्मलेल्या सूरश्री केसरबाई केरकर यांचे भैरवीतील एक गाणे १९७७ साली अमेरिकेने अंतराळात पाठविलेल्या दोन्ही व्हॉयेजर यानांवरील सुवर्णलेपित तबकडीत आहे. त्याच वर्षी केसरबाईंचे निधन झाले. २०१२ साली व्हॉयेजर-१ हे यान सूर्याच्या प्रभावक्षेत्रापलीकडे गेले. गाणे त्याच्यासोबत आहे. ती तबकडी पाठविणारांनी एक दूरदृष्टी दाखविली. तिच्याबरोबर वाजविण्याची सुई ठेविली आणि वाजविण्याची रीत वेष्टणावर आकृतींनी कोरली. मुद्रणाच्या दोन प्रती, दोन वेगळ्या वाटांनी, वाजविण्याच्या साधनासह! आपणही आपल्या डिस्कवर धारिकांसोबत एक साधी टिपणी ठेवावी, की यात काय आहे, कोणी गायिले आहे व ते कशाने वाजते.

उपसंहार

तात्पर्य, ज्या संगीताच्या प्रती जगात हजारो ठिकाणी आहेत, ते प्रवाहातून खुशाल ऐकावे. प्रवासापुरती कुलूपबंद साठवण करावी. जे नित्य हवे ते विकत घ्यावे. परंतु ज्याची प्रत केवळ आपल्यापाशीच असू शकते, ते कोणा परक्याच्या भांडारावर सोपवून निश्चिंत होऊ नये. भांडार वापरावे, पण दुसरी प्रत म्हणून.

आमच्या आजोबांच्या सहा दिवसांच्या गाण्यापैकी आज चार मिनिटे शिल्लक आहेत. माझ्या आत्याने आपल्या जुन्या मोबाईलच्या कार्डावर एक भूपाळी घेऊन ठेवली होती. "मला ते इंटरनेटचे कळत नाही, म्हणून आपल्याजवळ ठेवले," असे ती म्हणाली. शेवटी गाभाऱ्यातील घंटा वाजते आणि आजोबा कोणास तरी "दिवा सांभाळ" असे सांगतात. तेथे मुद्रण संपते. त्या धारिकेच्या प्रती आज तीन घरांत आहेत. आपल्याही घरी असे एखादे जुने कार्ड, एखादी कॅसेट पडून असेल. ती या पंधरवड्यातच शोधून काढावी व कचेरीत घेऊन यावी. प्रत काढून मूळ वस्तू त्याच दिवशी परत देण्याची जबाबदारी माझी.

अभ्यासार्थ प्रश्न

१. आपल्या घरी नित्य ऐकल्या जाणाऱ्या गाण्यांपैकी कोणती उसनी आहेत व कोणती आपली आहेत?
२. आपल्या घरातील कोणत्या आवाजाची जगात एकच प्रत आहे? ती कोठे आहे?
३. १९६३ साली निघालेल्या तबकडीवरील मुद्रणाचा हक्क केव्हा संपला? तिच्यातील गीताचा हक्क त्याच वेळी संपतो काय?
४. एका तासाच्या भजनास १२८ किलोबिटच्या प्रतीत किती जागा लागेल?

इत्यलम्.